काळी फासलेली जोडरेघ

रेघोबाला गाडी चालवता येत नव्हती. सायकलसुद्धा नाही. सव्वीस वर्षं त्यानं रस्त्यावर पांढऱ्या रेघा मारल्या, हजारो चालकांना इथून जा, इथून जाऊ नको असं बजावलं, आणि स्वतः मात्र रोज संध्याकाळी बसच्या दांडीला धरून उभ्यानं घरी आला. त्याचं खरं नाव वेगळंच होतं, पण ते हजेरीपटाच्या बाहेर कधी पडलं नाही. ठेकेदारापासून चहावाल्यापर्यंत सगळे रेघोबाच म्हणत, आणि त्यालाही ते आवडे. देवाच्या नावासारखं वाटतं म्हणे.

ज्यांना वाटतं की डबा-ब्रश घेतला की झाली रेघ, त्यांनी एकदा भट्टीजवळ उभं राहून दाखवावं. पांढऱ्या भुकटीची पोती भट्टीत ओतायची, चिखलासारखी दाट होईतो ढवळायची, तो उकळता रस हातगाडीत घ्यायचा आणि खडूच्या दोरीनं आखलेल्या खुणेवर एका चालीनं ढकलत न्यायचा. थांबलात की ढेकूळ, घाई केलीत की रेघ पातळ. वर लगेच काचेचा बारीक चुरा भुरभुरायचा, म्हणजे गाडीच्या उजेडात रेघ चमकते. रस्ता तापलेला नसेल तर रेघ धरतच नाही, म्हणून हे सगळं भर उन्हात. रेघोबाच्या दोन्ही नडग्यांवर पांढऱ्या रसाच्या शिंतोड्यांनी भाजल्याचे डाग होते. त्यातला कुठला डाग कुठल्या चौकातला हे तो सांगू शके.

आणि रेघेचे कायदे त्याला तोंडपाठ. "तुटक रेघ म्हणजे लोटलेलं दार," तो म्हणे. "आरशात बघ, सिग्नल दे, पुन्हा बघ, मग आत ये. सलग रेघ म्हणजे कडी घातलेलं दार. आणि जोडरेघ म्हणजे भिंत. भिंतीतून कोण जातं? एक भूत, नाहीतर मंत्र्याची गाडी." रेघ पोटाखाली घेऊन दोन लेनच्या मधून गाडी हाकणाऱ्यांवर त्याचा विशेष राग. "दोन घरचा पाहुणा उपाशी, आणि दोन लेनचा चालक दवाखान्यात."

घरात दोन खोल्या, बायको आणि एक मुलगी. मुलीला घरात आणि गल्लीत सगळे बाय म्हणत. रेघोबाच्या घरी एक रीत होती. जेवताना तो त्या दिवशीच्या बातम्या सांगायचा. बातम्या म्हणजे काय, तर आज कुठल्या चौकात कुठली रेघ बदलली. शाळेसमोर झेब्रा सरकला. बाजाराच्या तोंडाशी वळणाऱ्यांची लेन वेगळी काढली, आता सरळ जाणाऱ्यानं तिथं घुसायचं नाही. सांगता सांगता तो काडेपेटी टेबलावर रिकामी करायचा आणि काड्या मांडायचा. सलग काड्या, तुटक काड्या, काडीला चिकटून काडी. बाय नऊ वर्षांची असताना तिला पाढे येत नव्हते, पण कुठली काडी ओलांडायची आणि कुठली नाही हे येत होतं.

तिनं चालक व्हायचं ठरवलं तेव्हा गल्लीतल्या शहाण्यांना कंठ फुटला. पोरीच्या हातात स्टिअरिंग म्हणजे काय, वगैरे. रेघोबा म्हणाला, "रेघेला खालून चाक दिसतं. चाकामागं बाई आहे का बाप्या, तिला कळत नाही." परीक्षा घेणाऱ्या साहेबानं बायला सगळ्या लेन फिरवून आणलं आणि विचारलं, "कुणी शिकवलं?"

"बाबांनी."

"काय चालवतात ते?"

"काडेपेटी," बाय म्हणाली.

साहेब हसला नाही, पण परवाना मिळाला. दवाखान्यांच्या चादरी-कपडे धुणाऱ्या एका लाँड्रीची व्हॅन तिच्याकडे आली. सहा वर्षं झाली, गाडीला ओरखडा नव्हता.

शहराच्या टोकाला एक लांब चढ आहे. तीन लेनचा. वर्षानुवर्षं त्यातल्या दोन लेन चढणाऱ्यांच्या, एक उतरणाऱ्यांची. मालट्रक कडेनं कण्हत चढायचे आणि बाकीच्यांनी मधल्या लेनमधून त्यांच्या पुढं जायचं. उतरणाऱ्यांची लेन आणि मधली लेन यांच्यामध्ये जोडरेघ, म्हणजे भिंत. पुढं चढाच्या माथ्यावर एका बड्या आसामीचं गोदाम झालं. भरलेले ट्रक आता वरून खाली येऊ लागले, ब्रेक दाबत, मुंगीच्या पावलानं, आणि त्यांच्यामागं रांग. वरून हुकूम आला की मधली लेन आता उतरणाऱ्यांना द्या. चढणाऱ्यांना एकच पुरे.

हुकमाबद्दल तक्रार नाही. रस्ता बदलतो, लेन बदलते. पण भिंत हलवायची तर जुनी आधी पाडावी लागते. नवी जोडरेघ मधल्या लेनच्या अलीकडे मारायची आणि पलीकडची जुनी जोडरेघ मशीननं खरवडून काढायची, मुळापासून. शिवाय आठवडाभर आधी पायथ्याशी पाटी लावायची. हे नियमात आहे, आणि रेघोबाच्या डोक्यातही होतं.

पाटी रंगाऱ्याकडे पडून होती. नवी जोडरेघ आणि जुनीच्या बाजूची नवी तुटक रेघ दुपारी दोनपर्यंत झाल्या, सुतासारख्या सरळ. खरवडायचं मशीन काही आलं नाही.

"दुसऱ्या साइटवर गेलंय," मुकादम म्हणाला. मुकादम म्हणजे पंधरा वर्षांपासूनचा सोबती, ठेकेदाराचा उजवा हात, आणि वेळ पडली तर डावाही.

"मग जुनी उद्या काढू. तोवर रस्ता बंद ठेवा."

"उद्या गोदामाचं उद्घाटन आहे. साहेब लोक फीत कापायला याच रस्त्यानं जाणार. काळा मार वरून आणि मोकळा हो."

"मुकादम, काळा ऑइलपेंट म्हणजे मढ्याला पावडर. एक दिवस बरं दिसेल. हा चढ मावळतीकडे तोंड करून आहे. संध्याकाळी ऊन समोरून येतं. त्या तिरप्या उन्हात काळा तुकतुकीत रंग आरशासारखा चमकतो आणि खरी पांढरी रेघ मातीसारखी दिसते. उलटं होतं सगळं."

"तू रेघा मारणारा का रस्ते खात्याचा मंत्री?"

बाकीचे गडी हसले. रेघोबाच्या कानशिलापर्यंत राग चढला. खरं तर हातगाडी तिथंच टाकून चालू लागायला हवं होतं. नाही टाकली. सव्वीस वर्षं ज्यानं एक रेघ वाकडी मारली नाही, त्यानं बादलीत ब्रश बुडवला आणि ओणव्यानं अख्ख्या चढाची जोडरेघ काळी फासली. शेवटी मुकादमानं कामाचा कागद पुढं केला. त्यावर आधीच लिहिलेलं होतं: जुनी जोडरेघ मशीनने खरवडून काढली.

"हे खोटं आहे."

"आज खोटं आहे. मशीन आलं की खरं होईल. कर सही."

रेघोबाची सही वळणदार होती. चाळिशीत रात्रशाळेत शिकलेली. ती त्यानं केली.

त्या दिवशी जेवताना काडेपेटी बाहेर आली नाही. बाय बोलत होती. तिला त्या महिन्यापुरती दुसऱ्या भागातल्या दवाखान्याची फेरी दिली होती, तिथल्या वॉचमनच्या गमती सांगत होती. रेघोबा ताटाकडे बघून जेवत होता. सांगायचं तर काळं फासल्याचं सांगावं लागलं असतं. ज्या पोरीनं सगळ्या जगाला "माझ्या बाबांची रेघ" म्हणून दाखवलं, तिला हे कुठल्या तोंडानं सांगणार?

"आज बातम्या नाहीत का हो?" बायकोनं विचारलं.

"काही नाही. नेहमीचंच," तो म्हणाला.

आणि हात धुतले.

सतरा दिवस गेले. मशीन आलं नाही. रोज जाणाऱ्यांना नवी रेघ पाठ झाली. नवख्यांचं काय? पायथ्याच्या पंक्चरवाल्यानं तीन वेळा संध्याकाळी ब्रेक करकचलेले ऐकले, तीनही वेळा कुणीतरी कुणाच्या तरी आईचा उद्धार केला, आणि रस्ता पुन्हा चालू झाला. शिव्या कुठल्याही वहीत नोंदवल्या जात नाहीत.

अठराव्या दिवशी बायला जुनी फेरी परत मिळाली. साडेपाचला ती धुतलेल्या चादरींची व्हॅन घेऊन चढाला लागली. पुढं ट्रक कण्हत होता. समोर ऊन. पलीकडे, जिथं वर्षानुवर्षं होती तिथंच, जोडरेघ झळझळत होती. म्हणजे मधली लेन आपली. तिनं आरशात बघितलं, सिग्नल दिला, पुन्हा बघितलं आणि मधल्या लेनमध्ये गेली. बापानं शिकवलं होतं, अगदी तसं.

वरून एक वायरमन मोटरसायकलवर घरी चालला होता. तोही मधल्या लेनमध्ये होता. ती लेन आता त्याचीच होती, नव्या हुकमाप्रमाणं. ऊन त्याच्या पाठीमागं होतं, म्हणून बायला तो शेवटच्या क्षणी दिसला, आणि तेव्हाही नुसती सावली.

व्हॅन उलटली. मागचं दार उघडून चादरी रस्ताभर पसरल्या. लोक धावले. त्यांनी त्यातलीच एक घडी मोडली आणि वायरमनच्या अंगावर घातली. दुसरी घालावी लागली, पहिली पुरली नाही.

बायचा हात मोडला होता. पोलीस चौकीत ती एकच वाक्य म्हणत होती. "जोडरेघ पलीकडे होती. मी बघितली."

"पलीकडे तुटक आहे, बाई. जोडरेघ अलीकडे आहे. ती ओलांडून तू त्याच्या लेनमध्ये घुसलीस."

"मी बघितली."

"स्वप्नात बघितली असशील," एक शिपाई म्हणाला. "म्हणून म्हणतो, बायकांनी..." पुढचं सगळ्यांना पाठ असतं.

चौकशी अधिकारी पाहणीला गेले. वेळ दुपारी बाराची. ऊन डोक्यावर, नवी रेघ पांढरीधोप, जुनी काळ्या डांबरात काळी. त्यांनी फोटो काढले, टेपनं मापं घेतली, कामाचा कागद मागवला. जुनी जोडरेघ खरवडली, खाली वळणदार सही. प्रकरण सरळ होतं. रस्त्यावर माणूस मेला की गुन्हेगार स्टिअरिंगमागं सापडतो. टेबलामागं सापडल्याचं अजून कुणी ऐकलेलं नाही.

आठ दिवसांनी बाय जामिनावर घरी आली. हात गळ्यात, चेहरा उतरलेला. जेवणं झाल्यावर तिनं स्वतः काडेपेटी काढली आणि डाव्या हातानं, एकेक करून, चढ मांडला.

"बाबा, तुम्ही बघा. बाकी कुणाचं राहू दे. मी अशी चढत होते. हा ट्रक. ही रेघ इथं होती. मला सगळे वेडी म्हणतायत, आता माझाच माझ्यावर विश्वास राहिलेला नाही. सांगा, होती का नव्हती?"

रेघोबा काड्यांकडे बघत राहिला. बायको दारात उभी होती, हातात ओला फडका.

"होती," तो म्हणाला. "वरून काळी फासलेली. संध्याकाळच्या उन्हात ती दिसते. तू बरोबर बघितलंस."

"तुम्हाला काय माहीत?"

"मीच फासली."

फडक्यातून पाणी ठिबकत होतं.

"म्हणजे लेन बदलली ते तुम्हाला ठाऊक होतं."

"मीच बदलली."

बाय हिशेब लावावा तशी मनात मागं मागं गेली, आणि तिला तो दिवस सापडला. "नेहमीचंच, म्हणालात तुम्ही," ती हळूच म्हणाली. "आईनं विचारलं तेव्हा. मी इथंच बसले होते."

ती उठून आतल्या खोलीत गेली. त्या दिवसापासून तिनं बापाशी बोलणं सोडलं. ताट वाढायची, पाणी द्यायची, पण तोंडातून शब्द नाही. तिनं दोन शिव्या दिल्या असत्या तर रेघोबाला बरं वाटलं असतं.

सुनावणी सोमवारी होती. बायवर खटला भरायचा की नाही हे त्या दिवशी ठरणार होतं. भरला असता तर तुरुंग होता. गुरुवारी मुकादमानं रेघोबाला बाजूला घेतलं.

"शनिवारी सकाळी मशीन येतंय. चढावरची जुनी रेघ खरवडून टाकायची. तूच कर, तुला जागा माहीत आहे."

"सतरा दिवस मशीन नव्हतं. माणूस मेल्यावर सापडलं?"

"तोंड सांभाळ. तुझ्या भल्याचं सांगतोय. पोरीची पहिलीच वेळ आहे, वर्ष-दीड वर्षात सुटेल. तू तोंड उघडलंस तर तू अडकशील. सही कुणाची आहे? माझी? ठेकेदाराची?" मुकादमानं त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "घरातलं एकच माणूस जाणार आहे, रेघोबा. कुठलं जावं एवढंच तुझ्या हातात आहे."

रेघोबानं तो हात खांद्यावरून काढला. "बरं झालं सांगितलंत," तो म्हणाला. "एवढंच ऐकायचं होतं."

शुक्रवारी दुपारी तो मेलेल्या वायरमनच्या घरी गेला. वायरमन बहिणीकडे राहायचा. सगळे तिला ताई म्हणत. ती शिवणकाम करायची. पुढच्याच खोलीत मशीन होतं आणि भिंतीवरच्या खिळ्याला अजून भावाची पक्कड आणि टेस्टर लटकत होतं. उंबऱ्यात उभा राहून रेघोबानं आपण कोण ते सांगितलं.

ताईचा पाय मशीनवरच थांबला. "माफी मागायला आलात? पोरीला पाठवायची होती."

"माफी नाही मागत. दाखवायला आलोय."

"काय दाखवायला?"

"तुमच्या भावाला कुणी मारलं ते. पण ते साडेपाचलाच दिसतं, आणि आजच दिसेल. उद्या पुसणार आहेत."

"बसा म्हणणार नाही मी तुम्हाला."

"बसायला आलोच नाही, ताई."

तिनं पायातल्या चपला शोधल्या.

दोघं रिक्षानं निघाले. चढाला लागल्यावर रेघोबा म्हणाला, "आता पुढं बघा. मला सांगू नका, नुसतं बघा."

ऊन समोरून आलं. ताईनं डोळ्यांवर हात धरला. अलीकडची नवी रेघ धुळीच्या रंगात विरघळून गेली. आणि पलीकडे, मधल्या लेनच्या पल्याड, दोन झळझळीत पट्टे उठून दिसायला लागले, ओल्या काचेसारखे, थेट माथ्यापर्यंत.

"ती जोडरेघ ना?" ताईनं विचारलं.

"ती नाहीच आहे. ती काळी आहे. मी काळी फासलीय."

रिक्षावाला मध्येच बोलला. "ते रोजचंच आहे, ताई. आम्ही तिकडं बघतच नाही. पाठ झालंय आता."

"आणि ज्याला पाठ नाही त्यानं?" ताई कडाडली.

तिनं रिक्षा तीन वेळा खाली नेऊन पुन्हा चढायला लावली. मोबाइलवर फोटो काढून बघितले, पण त्यात नुसता उजेडाचा गोळा आला. डोळ्याला दिसत होतं ते मोबाइलला दिसेना. तिसऱ्या वेळी माथ्यावर तिनं रिक्षा थांबवली.

"हे मला का दाखवलंत? पोरगी सुटावी म्हणून?"

"हो," रेघोबा म्हणाला.

"माझ्या भावासाठी नाही."

"तुमच्या भावाला मी ओळखत नव्हतो, ताई. पोरीला ओळखतो."

"निदान खोटं तरी बोलला नाहीत," ताई म्हणाली. "तुमच्याबरोबर परत यायचं नाही मला." ती उतरली आणि चालत निघाली.

शनिवारी रेघोबा कामाला गेला नाही. पायथ्याच्या पंक्चरवाल्याकडे, टायरांच्या ढिगाआड बसून बघत राहिला. मुकादमानं दुसऱ्याच गड्यांच्या हाती मशीन दिलं होतं. त्यांनी जुनी रेघ खरवडली, घाईघाईत, कुठं खोल, कुठं वरवर. पुरावा डोळ्यांदेखत भुकटी होऊन उडत होता. आणि तरीही रेघोबाच्या मनात पहिलं आलं ते हे, की काय भिकार काम करतायत लेकाचे. मग त्याला रस्त्यावर उमटलेला तो ओरखडा नीट दिसला. तो उठून उभा राहिला. पंक्चरवाल्यानं विचारलं, काय झालं? काही नाही म्हणाला, आणि घरी गेला.

सोमवारी सुनावणीच्या खोलीत एक लांब टेबल होतं. पलीकडे चौकशी अधिकारी, अलीकडे बाय, भिंतीला टेकून मुकादम, कोपऱ्यात ताई. अधिकाऱ्यानं कागद वाचला. खरवडल्याची तारीख, सही.

"ही सही माझी," रेघोबा उठून म्हणाला. "आणि वरचं लिहिलेलं खोटं आहे. त्या दिवशी खरवडलं नाही. मी काळा रंग फासला. खरवडलं ते परवा शनिवारी."

"याचं डोकं फिरलंय, साहेब," मुकादम म्हणाला. "पोरीसाठी बोलतोय. जाऊन बघा, रस्ता खरवडलेलाच आहे."

"तेच म्हणतो मी. जाऊन बघा. खरवडलेला रस्ता आधी खडूसारखा पांढरा असतो. त्यावरून टायर जातात, तेल सांडतं, आणि महिन्याभरात तो बाकीच्या डांबराइतका काळा पडतो. आमच्या धंद्यातल्या शेंबड्या पोरालाही कळतं. कागदावर महिना होत आलाय. रस्त्यावर दोन दिवस. साहेब, तळहात घासून बघा. माझं खोटं निघालं तर इथंच जोडे मारा."

अधिकारी वैतागले. दुपारी बाराला एकदा बघितलंय, पुन्हा काय बघायचं?

तेव्हा ताई उभी राहिली. "मी शुक्रवारी बघितली ती रेघ," ती म्हणाली. "मेलेला माझा भाऊ आहे. या माणसाला वाचवायची मला काडीची गरज नाही. तुम्ही उठता का मी दुसरीकडे जाऊ?"

मेलेल्याच्या बहिणीपुढं टेबलाचं काही चाललं नाही. साहेब उठले. चढावर गाडी आडवी लावून रस्ता अडवला. त्यांनी खाली वाकून तळहात घासला आणि उचलून बघितला. पांढरी भुकटी. रेघोबानं त्यांना पायथ्याशी नेलं, जिथं लेन बदलायच्या आठवडाभर आधी दुसरी एक पट्टी खरवडली होती. तिथं हात घासला. नुसती काळी काजळी. साहेब हात रुमालाला पुसत राहिले, पुसून झाला तरी. मुकादम मोबाइल कानाला लावून लांब गेला.

निकाल असा लागला. रेघ फसवी होती, पाटी नव्हती, म्हणून बायवर खटला नाही. परवाना सहा महिने जमा. ठेकेदाराला नोटीस गेली, कारणे दाखवा. त्यानं कारणं दाखवली: कामगारानं परस्पर काळा रंग मारला आणि खोटी सही केली. मुकादमानं शपथेवर सांगितलं, मी तर खरवडायलाच सांगितलं होतं. शनिवारी मशीन कुणी पाठवलं, यावर ठेकेदार म्हणाला की चूक लक्षात येताच आम्ही तातडीनं दुरुस्ती केली. तातडीनं! आणि ते कागदावर शोभूनही दिसलं. चौथ्या महिन्यात दुसऱ्या भागातल्या रेघांचं काम त्याच ठेकेदाराला मिळालं. रेघोबाला दीड वर्षाची शिक्षा झाली. त्यानं अपील केलं नाही. वकिलानं विचारलं तेव्हा म्हणाला, "फासली कुणी? मीच ना?" यावर वकिलाकडे उत्तर होतं, पण ते ऐकायला तो थांबला नाही.

आत जायच्या आदल्या दिवशी तिघं जेवायला बसली. बायचा परवाना परत आला होता. लिफाफा कपाटावर पडून होता, न फोडलेला. लाँड्रीचा निरोप दोनदा येऊन गेला होता. जेवण झाल्यावर रेघोबानं काडेपेटी काढली. बायको म्हणाली, "राहू द्या हो आता." तो मांडत राहिला. तीन लेन. अलीकडे काडीला चिकटून काडी. पलीकडे तुटक.

"आजची बातमी," तो म्हणाला. बातमी त्या राहून गेलेल्या रात्रीची होती. "चढावरची मधली लेन उतरणाऱ्यांना दिली. जोडरेघ आता अलीकडे आहे. जुनी नीट काढलेली नाही, नुसती काळी फासलीय. मी फासलीय. संध्याकाळी ती खोटी चमकेल. तिच्यावर विश्वास ठेवू नकोस. ट्रकच्या मागंच राहा, कितीही वेळ लागो."

मग बाय कित्येक महिन्यांत पहिल्यांदा त्याच्याशी बोलली.

"आणि तो कुठून येत होता?"

रेघोबानं पेटीतली उरलेली एक काडी काढली आणि मधल्या लेनमध्ये, खाली तोंड करून ठेवली.

"इथून," तो म्हणाला. "त्याच्या लेनमधून."

बायनं मान हलवली. बाकीच्या काड्या गोळा करून तिनं पेटीत भरल्या. ती एक तशीच ठेवली आणि भांडी उचलून मोरीकडे गेली.

सकाळी सातला रेघोबा पिशवी घेऊन निघाला. बायको त्याला बसथांब्यापर्यंत सोडून आली, टेबल पुसायला फडका घेतला, आणि त्या काडीच्या कडेनं, तिला धक्का न लावता, पुसत गेली.